आधी विरघळले, मग पाणी घातले

रसायनशास्त्राच्या कुठल्याही पाठ्यपुस्तकात न सापडणारा, पण बऱ्याच रसायनशास्त्रज्ञांना नावाने ठाऊक असलेला एक पदार्थ आहे. थायोटिमोलिन. साखर पाण्यात घातली की विरघळते, मीठ पाण्यात घातले की विरघळते. थायोटिमोलिन मात्र पाणी घालण्याच्या १.१२ सेकंद आधी विरघळते. मंडळी, "आधी" हा शब्द बरोबर वाचलात. झेरॉक्स मशीनचा यात काही दोष नाही.

असा पदार्थ अर्थातच अस्तित्वात नाही. तो आयझॅक असिमॉव्ह यांच्या डोक्यातून निघाला. विज्ञानकथा लिहिणारे असिमॉव्ह आपल्यापैकी अनेकांना माहीत असतील, पण ते शिक्षणाने रसायनशास्त्रज्ञ होते हे सगळ्यांनाच माहीत नसते. १९४७ साली ते न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात पीएच.डी. करत होते. प्रयोगासाठी कॅटेकॉल नावाचे पांढरे, हलके स्फटिक रोज पाण्यात घालायचे. कॅटेकॉल पाण्यात इतके चटकन विरघळते की स्फटिक पाण्याला टेकले न टेकले तोच दिसेनासे होतात. हे रोज बघता बघता त्यांच्या मनात आले की याहून थोडे जास्त विद्राव्य असते, तर हे पाण्याला टेकायच्या आधीच विरघळले असते!

ज्यांनी प्रबंध लिहिला आहे त्यांना पुढचा भाग जवळचा वाटेल. प्रबंधाची भाषा म्हणजे "असे निदर्शनास आले की" आणि "यावरून असा निष्कर्ष काढता येईल की" या वळणाची. अनेक वर्षे गोष्टी लिहून लिखाणाचा हात मोकळा झालेल्या असिमॉव्हना तशी कंटाळवाणी भाषा पुन्हा शिकायची होती. म्हणून सराव म्हणून त्यांनी या काल्पनिक पदार्थावर एक खोटा शोधनिबंध लिहिला. त्यात तक्ते होते, आलेख होते, आणि ज्यांचे अस्तित्वच नाही अशा नियतकालिकांचे संदर्भही होते. मार्च १९४८ च्या 'अस्टाउंडिंग सायन्स फिक्शन' मासिकात तो छापून आला. पुढे असिमॉव्ह सांगत, की काही वाचक न्यूयॉर्कच्या सार्वजनिक ग्रंथालयात जाऊन ती नियतकालिके मागत होते.

खरी गंमत पुढे आहे. तोंडी परीक्षा जवळ आली होती. परीक्षकांनी हा चावटपणा वाचला तर काय, या धास्तीने असिमॉव्हनी संपादकांना टोपणनाव घालायला सांगितले होते. छापले गेले खरेच नाव. परीक्षा झाली, प्रश्नांची सरबत्ती झाली, आणि सगळ्यात शेवटी एका प्राध्यापकांनी गंभीर चेहऱ्याने विचारले, "थायोटिमोलिन या संयुगाच्या ऊष्मागतिकी गुणधर्मांबद्दल काही सांगता का?" ज्याला नापास करायचे आहे त्याची कोणी अशी थट्टा करत नाही, हे लक्षात येताच असिमॉव्हना हसू आवरेना. त्यांना हाताला धरून बाहेर न्यावे लागले. थोड्या वेळाने परीक्षक बाहेर आले ते "डॉक्टर असिमॉव्ह" अशी हाक मारतच.

टोपणनावावरून आपल्याकडची एक गोष्ट आठवते. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या विज्ञानकथा स्पर्धेत "नारायण विनायक जगताप" या नावाने 'कृष्णविवर' ही कथा आली आणि पहिली ठरली. हे जगताप म्हणजे जयंत विष्णू नारळीकर. आपल्या आद्याक्षरांचा क्रम त्यांनी उलटा केला होता. असिमॉव्हना परीक्षकांच्या रागाची भीती, तर नारळीकरांना परीक्षकांच्या भिडेची. २० मे २०२५ रोजी नारळीकर गेले. त्यांच्या कथांनी आपल्या पिढीतल्या कितीतरी जणांना विज्ञानाकडे ओढले. मी त्यातलीच एक.

आता मूळ मुद्द्याकडे येते. थायोटिमोलिन पाण्याच्या आधी का विरघळते? असिमॉव्हनी दिलेले कारण मोठे मजेदार आहे आणि ते नीट कळायला जरा मागे जावे लागेल. कार्बनच्या अणूला चार बंध असतात. पूर्वी कागदावर ते वर-खाली, डावी-उजवीकडे असे सपाट काढत. १८७४ साली हॉलंडमधील व्हान्ट हॉफ आणि फ्रान्समधील ले बेल या दोन तरुणांनी स्वतंत्रपणे सांगितले की हे बंध सपाट नाहीत, ते अवकाशात चार दिशांना पसरलेले आहेत. तिपाईचे तीन पाय आणि वर एक दांडा, असे काहीसे डोळ्यांसमोर आणा. दोन बंधांमधला कोन साधारण १०९.५ अंशांचा. आज ही गोष्ट शाळेतली मुले प्लॅस्टिकचे गोळे आणि काड्या जोडून शिकतात. पण तेव्हा कोल्बे नावाच्या नामांकित जर्मन रसायनशास्त्रज्ञाने व्हान्ट हॉफची जाहीर टर उडवली. पशुवैद्यकीय शाळेत शिकवणारा हा माणूस कल्पनेच्या घोड्यावर बसून अणू कुठे बसलेत ते बघून आला, अशा अर्थाची. १९०१ साली रसायनशास्त्राचे पहिले नोबेल पारितोषिक दिले गेले, ते याच व्हान्ट हॉफना.

असिमॉव्हनी एक पाऊल पुढे टाकले. कागदाच्या दोन मितींतून बंध तिसऱ्या मितीत गेले, तर मग चौथ्या मितीत, म्हणजे काळात, का जाऊ नयेत? थायोटिमोलिनच्या रेणूतल्या एका कार्बनचे दोन बंध नेहमीसारखे अवकाशात, एक भूतकाळात गेलेला आणि एक भविष्यात गेलेला. भविष्यात शिरलेले टोक पाण्याला आधी भेटते आणि बाकीच्या रेणूला आपल्याबरोबर ओढून नेते. थाप म्हणून विचार केला तर इतकी शास्त्रशुद्ध थाप विरळाच.

आपल्या रविवारच्या मराठी वर्गात मी ही गोष्ट गेल्या वर्षी सांगितली. "विज्ञानातल्या गमती" असा अर्धा तास असतो, त्यात. मोठ्या गटातल्या मुलांना मराठीतून रसायनशास्त्र म्हणजे दुहेरी शिक्षा वाटेल अशी मला शंका होती, पण सगळी कान टवकारून ऐकत होती. गोष्ट संपल्यावर नऊ-दहा वर्षांची एक मुलगी म्हणाली, "मावशी, पण मी ते विरघळलेलं बघितलं, आणि मग पाणी नाहीच टाकलं तर?"

मराठीतून विचारलेला हा प्रश्न ऐकून मला जो आनंद झाला तो बाजूला ठेवू. प्रश्न लाख मोलाचा आहे. विरघळले, कारण पाणी पडणार आहे. पण विरघळलेले पाहून मी हात आखडला, तर पाणी पडणार नाही. मग ते विरघळले कशाने? एखादे यंत्रच बसवा, जे विरघळलेले दिसले की नळ बंद करील आणि विरघळले नाही तर नळ सोडील. आता विरघळले तर पाणी नाही, म्हणजे विरघळायला नको. विरघळले नाही तर पाणी आहे, म्हणजे विरघळायला हवे. दोन्हीकडून पंचाईत!

तर्कशास्त्रात या पंचाइतीचे एक जुने भावंड आहे. "हे वाक्य खोटे आहे." खरे मानले तर ते खोटे ठरते आणि खोटे मानले तर खरे. वाक्य स्वतःबद्दलच बोलू लागले की अशी गाठ बसते. थायोटिमोलिनच्या प्रयोगात हेच वाक्य काचेच्या चंचुपात्रात उतरले आहे, कारण त्यात परिणाम आपल्याच कारणाकडे मागे वळून बघतो.

कोणी म्हणेल, या रिकामटेकड्यांच्या गप्पा. पण विसाव्या शतकातल्या एका फार मोठ्या तर्कशास्त्रज्ञाने या दोन्ही गाठींवर काम केले आहे. त्याचे नाव कुर्ट ग्योडेल. स्वतःबद्दल बोलणारी विधाने गणितात रचून त्याने १९३१ साली दाखवून दिले की अंकगणिताच्या कुठल्याही विसंगतीमुक्त नियमसंचात अशी विधाने राहतातच, जी त्या नियमांनी सिद्धही करता येत नाहीत आणि खोडूनही काढता येत नाहीत. पुढे अमेरिकेत प्रिन्स्टनला तो आणि आइनस्टाइन एकत्र फिरायला जात. आइनस्टाइनच्या सत्तरीच्या निमित्ताने, १९४९ साली, ग्योडेलने त्यांच्याच सापेक्षता सिद्धांताच्या समीकरणांचे एक नवे उत्तर मांडले. स्वतःभोवती फिरणाऱ्या अशा विश्वाचे, ज्यात प्रवासी सरळ पुढे पुढे जात आपल्याच भूतकाळात पोचू शकतो. आपले विश्व तसे नाही, पण समीकरणांना त्याचे वावडे नाही, ही गोष्ट अस्वस्थ करणारी होती. म्हणजे असिमॉव्हची थट्टा छापून आल्यानंतर पुढच्याच वर्षी काळाचे वेटोळे गंभीर शास्त्रात दाखल झाले.

तेव्हापासून या गाठीवर दोन तऱ्हेची उत्तरे पुढे आली आहेत. स्टीफन हॉकिंग यांनी १९९२ साली असे अनुमान मांडले की भूतकाळाकडे जाणारी वाट निसर्ग तयारच होऊ देत नाही. त्यांनी २८ जून २००९ रोजी काळप्रवाशांसाठी एक पार्टीही ठेवली आणि निमंत्रणे पार्टी झाल्यानंतर जाहीर केली. कोणी आले नाही. (आपल्या पॉटलकला वेळेवर कोणी येत नाही, त्याचे कारण वेगळे!) दुसरे उत्तर रशियन शास्त्रज्ञ इगॉर नोव्हिकॉव्ह यांचे. ते म्हणतात की वेटोळे असले तरी त्यात घडेल ते स्वतःशी सुसंगतच घडेल. विसंगत गोष्ट घडूच शकत नाही. तुम्ही हात आखडायला जाल, आणि नेमका धक्का लागून पेला सांडेल. असिमॉव्हच्या नंतरच्या थायोटिमोलिन-लेखातही असेच होते. पाणी द्यायचे नाही म्हणून कितीही बंदोबस्त केला, तरी ते कुठून ना कुठून येऊन पोचतेच, मग त्यासाठी पूर का येईना.

नोव्हिकॉव्हचे म्हणणे आपल्याला नवे वाटायचे कारण नाही. कंसाची गोष्ट आठवा. देवकीचा आठवा मुलगा तुला मारील, अशी आकाशवाणी झाली. ती खोटी पाडण्यासाठी कंसाने बहिणीला आणि मेहुण्याला तुरुंगात घातले, मुले मारली. त्या धाकामुळेच कृष्ण जन्मल्याबरोबर गोकुळात गेला, कंसाच्या डोळ्यांआड वाढला आणि भविष्य खरे झाले. भविष्य चुकवण्याचा प्रयत्न हाच ते घडण्याचा रस्ता ठरला. लहानपणी आजीकडून ही गोष्ट ऐकताना कंस मूर्ख वाटायचा. आता वाटते, ते वेटोळे सुसंगत होते एवढेच.

नारळीकरांचेही इथे एक धागा जोडणारे काम आहे. व्हीलर आणि फाइनमन यांनी १९४५ साली अशी कल्पना मांडली की विद्युतभार हलला आणि त्यातून प्रारणे निघाली, की त्या घटनेत ती प्रारणे पुढे भविष्यात शोषून घेणाऱ्या पदार्थांचाही प्रतिसाद सामील असतो. फ्रेड हॉईल आणि नारळीकर यांनी ही कल्पना पुढे नेऊन तिचा विश्वाच्या एकूण रचनेशी संबंध जोडला. यात थायोटिमोलिनसारखी आगाऊ बातमी कोणाला मिळत नाही, हिशेब जुळून नेहमीचाच काळ हाती येतो. पण आजच्या घटनेचा हिशेब मांडताना उद्याला विचारात घ्यावे, हा विचार वेडगळ नाही एवढे तरी यावरून कळते.

आता हे सगळे मी वार्तापत्रात का लिहिते आहे? एक तर संपादकांनी "काहीतरी शास्त्रीय पण सोपे" मागितले म्हणून. आणि दुसरे कारण असे की गेले तीन आठवडे मी रोज संध्याकाळी फोनवर एका वेटोळ्यात फिरते आहे.

मराठी वर्गाच्या नोंदणीचे काम यंदा माझ्याकडे आहे. गेल्या वर्षी सतरा मुले होती. खोलीचे भाडे आणि पुस्तकांचा खर्च निघायचा तर निदान दहा हवीत. आजपर्यंत नावे आली आहेत सहा. फोनवरचे संभाषण साधारण असे होते:

"ताई, वर्ग नक्की चालू होणार असेल तर सांगा. लगेच नाव देतो."

"तुम्ही नाव दिलेत तर नक्की होईल."

"नाही, म्हणजे बाकीचे किती येतायत ते बघून ठरवू. आमच्या एकट्याच्या येण्याने काय होणार? त्याचं रविवारी सॉकरही असतं."

असे अकरा घरांनी सांगितले. प्रत्येकाचे म्हणणे रास्त आहे, मी कोणाला नावे ठेवत नाही. बंद पडणाऱ्या वर्गासाठी रविवारचे वेळापत्रक कोण बदलील? पण अकराजण एकमेकांकडे बघत बसले आहेत, आणि वर्ग त्या अकरांकडे.

पहिल्यांदा मला वाटले, ही थायोटिमोलिनचीच गाठ. पण नीट मांडून पाहिल्यावर लक्षात आले की तसे नाही. "हे वाक्य खोटे आहे" याला कुठलेच उत्तर नाही. आता "हे वाक्य खरे आहे" हे घ्या. ते खरे धरले तरी जमते, खोटे धरले तरी जमते. तेही स्वतःबद्दलच बोलते, पण त्याला दोन सुसंगत उत्तरे आहेत, आणि त्यातले कुठले घ्यायचे ते वाक्य सांगत नाही. आपला वर्ग हा असा आहे. सगळ्यांनी धरले की होणार, तर नावे येतील आणि वर्ग होईल. सगळ्यांनी धरले की नाही होणार, तर नावे येणार नाहीत आणि वर्ग खरोखरच होणार नाही. मग प्रत्येकजण म्हणू शकेल, "बघा, मला वाटलंच होतं!" नोव्हिकॉव्हना दोन्ही चालतील. निसर्ग इथे मध्ये पडणार नाही, पेला आपोआप सांडणार नाही, आणि पूर येऊन मुलांना मराठी शिकवून जाणार नाही.

हीच तऱ्हा आपल्या "पुढच्या वर्षी परत जाऊ" ची. क्ष = क्ष + १ हा विनोद आपल्यात जुना आहे; दरवर्षी उत्तर एकाने वाढते. या न सुटणाऱ्या समीकरणाच्या भरवशावर अनेक घरांत मुलांचे मराठी थांबले आहे. परत गेलो तर तिथे येईलच, आणि नाही गेलो तर इथे लागते कशाला? अशी दोन्हीकडून सुटका. मला वाटते, जाणे-न जाणे हा एक प्रश्न आहे आणि आजीशी मुलाला फोनवर चार वाक्ये बोलता येणे हा दुसरा. पहिल्याचे उत्तर मिळेपर्यंत दुसऱ्याची मुदत संपते.

असिमॉव्ह यांचेच पाहा. तेही आपल्यासारखेच बाहेरून आलेले. १९२० च्या सुमारास रशियातल्या पेत्रोविची गावी जन्मले, १९२३ साली आईवडिलांबरोबर अमेरिकेत आले. वडिलांनी ब्रुकलिनमध्ये गोळ्या-चॉकलेट आणि वर्तमानपत्रांचे दुकान टाकले आणि मुलगा त्या दुकानातच वाढला. घरी आईवडील त्याच्याशी यिडिश आणि इंग्रजीत बोलत. म्हणून यिडिश त्याला शेवटपर्यंत उत्तम येत होती. रशियन मात्र त्याच्याशी कोणी बोलले नाही, म्हणून जन्मभूमीची ती भाषा त्याला कधीच आली नाही. पुढे शेकडो पुस्तके लिहिणाऱ्या माणसाची ही गोष्ट. बुद्धी कमी पडली असे कोण म्हणेल? जी भाषा घरात ऐकू आली ती राहिली, जी आली नाही ती राहिली नाही. इतके साधे आहे ते.

थायोटिमोलिनबद्दल एक शेवटची गोष्ट सांगायची राहिली. असिमॉव्हच्या लेखांनुसार त्याचा खरा उपयोग प्रयोग करणाऱ्याचा निश्चय मोजण्यासाठी होतो. पाणी घालायचे नक्की ठरले असेल तर पूर्ण १.१२ सेकंद आधी विरघळते. मनात चलबिचल असेल तर वेळ बदलते, आणि घालणार नसाल तर ते कोरडेच बसून राहते. नुसता हात पुढे करून त्याला फसवता येत नाही. मजजवळ हा पदार्थ नाही. असता तर प्रत्येक घरी फोन करण्याऐवजी चिमूटभर पाकिटातून पाठवला असता.

त्याऐवजी या अंकाच्या शेवटच्या पानावर एक साधा फॉर्म आहे. मुलाचे नाव, वय, मराठी समजते का, बोलता येते का, वाचता येते का, एवढेच विचारले आहे. "थोडेसे" हे उत्तर सगळीकडे चालेल. येत्या महिन्याच्या १५ तारखेपर्यंत खोलीचे भाडे भरायचे आहे, म्हणून त्याआधी फॉर्म माझ्याकडे किंवा खजिनदारांकडे द्यावा. वर्ग झाला नाही तर पैसे परत मिळतील. सॉकरवाल्यांसाठी वेळ दुपारी दोनची करायला शिक्षक तयार आहेत. खाऊची पाळी महिन्यातून एकदाच येईल आणि चकल्याच करून आणल्या पाहिजेत असा नियम नाही, केळी चालतात.

मला फक्त आणखी चार नावे हवी आहेत. इतर किती आले हे कृपया विचारू नका. त्याचे उत्तर तुमचे नाव धरूनच द्यावे लागते.

लोभ आहेच, तो वाढावा ही विनंती.